पुरवणीत काय काय आहे

शाई आणायला गेलो आणि प्रिंटर घेऊन आलो, ही गोष्ट खरी आहे. ती मी कधीही नाकारलेली नाही. फक्त त्या प्रिंटरमध्ये शाई समाविष्ट होती, हा तपशील सांगणारे नेहमी गाळतात, एवढीच माझी तक्रार आहे. चार वर्षांत ही बातमी आमच्या इमारतीचे तिन्ही मजले, बायकोचं माहेर आणि ती काम करते त्या हॉस्पिटलचा औषध विभाग अशी सगळीकडे पोचली. खुलासा कुठेही छापून आला नाही.

त्यामुळे शुक्रवारी सकाळी चहा घेताना मी "मी बघतो" म्हणालो, तेव्हा बायकोने कप खाली ठेवला.

"तुम्ही?"

"हो. मी."

"अहो, ते शाईसारखं नाही."

मी पेपर वर केला आणि त्यामागे गेलो. आमच्या घरात मानभंग झाल्यावर जाण्याची ही एकच जागा आहे.

प्रकरण असं होतं. माझी बायको फार्मासिस्ट आहे. दिवसभर काउंटरमागे उभी राहून ती लोकांना गोळ्या देते, कोणती जेवणाआधी आणि कोणती जेवणानंतर ते तीनतीनदा सांगते, आणि घरी आली की हातपाय धुऊन कॉम्प्युटरसमोर बसते व कुऱ्हाड चालवते. 'काळा किल्ला' नावाचा ऑनलाइन खेळ आहे. हजारो माणसं आपापल्या घरी बसून एकाच काल्पनिक राज्यात एकाच वेळी हिंडत असतात. प्रत्येकाचं एक पात्र, त्या पात्राची पातळी, हत्यारं, चिलखत, मानमरातब. बायकोचं पात्र साडेसहा फूट उंच आहे आणि त्याचा दंड माझ्या मांडीएवढा आहे. नाव कुऱ्हाडताई. तीन वर्षं रोज संध्याकाळी खपून बायकोने या ताईंना सत्तराव्या पातळीवर नेलं. चौदा जणांची एक टोळी आहे, तिच्या त्या प्रमुख आहेत. टोळीत दोन वकील आहेत, एक बेकरीवाला आहे, एक बाई हवामान खात्यात आहेत आणि एक दंतवैद्य आहे. हा दंतवैद्य गेले वर्षभर ताईंच्या जागेवर डोळा ठेवून आहे.

तर या खेळाचं नवं एक्स्पान्शन येणार होतं. नाव 'धुक्याचं बेट'. रविवारी दुपारी चार वाजता पहिलं गलबत बेटाकडे सुटणार, आणि त्या गलबतातून जाऊन जो टोळीचा झेंडा बेटावर रोवेल तो पुढचं वर्षभर प्रमुख, असा टोळीने ठराव केला होता. ठराव दंतवैद्याने मांडला होता, हे वेगळं सांगायला नको.

"एक्स्पान्शन घेतल्याशिवाय गलबतात चढू देत नाहीत," बायको म्हणाली. "त्याचे चार प्रकार आहेत. कशात काय आहे ते नीट वाचून घ्यायला हवं, नाहीतर भलतंच गळ्यात पडतं. आणि माझी उद्या पाचपर्यंत ड्युटी आहे, आज स्टॉक मोजायचाय. मला वाचायला वेळ नाही. म्हणजे गेलंच ते."

"वाचणं हा माझा धंदा आहे," मी पेपरामागून म्हणालो.

आणि तो आहेच. मी एका दैनिकात उपसंपादक आहे. बावीस वर्षं रविवारची पुरवणी काढतो. दर शुक्रवारी दुपारी दोन वाजता पान छपाईला सोडायचं, म्हणजे दोनलाच सोडायचं. दोन वाजून पाच मिनिटांनी आलेला लेख कितीही महान असला तरी पुढच्या आठवड्यात महान ठरतो. अशा माणसाला एका खेळाच्या जाहिरातीतले चार प्रकार वाचून समजणार नाहीत, असं ज्याला वाटतं त्याने खुशाल कप खाली ठेवावा.

त्या दिवशी पान पावणेदोनला सोडलं आणि ऑफिसच्या प्रिंटरवर (तो चालतो) खेळाच्या दुकानाचं पान छापून घेतलं. साधी आवृत्ती, विशेष आवृत्ती, शाही आवृत्ती आणि संपूर्ण आवृत्ती. खाली भलामोठा तक्ता. तक्त्यात बरोबरच्या खुणा. काही खुणांवर एक तारा, काहींवर दोन, आणि एका खुणेवर तीन तारे, ज्यांचा खुलासा पानात कुठेच नव्हता. मी लाल पेन काढलं. चाळीस मिनिटांत शुद्धलेखनाच्या एकेचाळीस चुका काढल्या. 'समाविष्ट' तीन वेगवेगळ्या पद्धतींनी लिहिलं होतं. काम संपवून पान हातात धरलं तेव्हा ते जखमी शिपायासारखं दिसत होतं आणि कशात काय आहे ते मला अजिबात कळलेलं नव्हतं.

एवढं मात्र कळलं की साध्या आवृत्तीखाली 'मूळ खेळ आवश्यक' असं होतं आणि संपूर्ण आवृत्तीखाली 'मूळ खेळ समाविष्ट'. आणि मग माझ्या डोक्यात प्रकाश पडला. एक्स्पान्शन म्हणजे दुसरंतिसरं काही नाही, ती पुरवणी! मूळ अंक आणि त्याची पुरवणी. हे मला कोण शिकवणार? साधी आवृत्ती म्हणजे नुसती पुरवणी. संपूर्ण म्हणजे अंकासकट पुरवणी. आणि नुसती पुरवणी कोण विकत घेतं? बावीस वर्षांत अशी व्यक्ती मी पाहिलेली नाही. फक्त एक शंका उरली. या खेळाला यापूर्वी दोन पुरवण्या येऊन गेल्या होत्या. नव्या पुरवणीत जुन्या पुरवण्या असतात की नसतात?

ही शंका मी संध्याकाळी इमारतीच्या तळमजल्यावर बोलून दाखवली, आणि ती माझी पहिली चूक.

आमची लिफ्ट अकरा दिवस बंद आहे. त्यामुळे जिना चढण्याआधी दम साठवण्यासाठी सगळे तळमजल्याच्या बाकावर बसतात, आणि दम साठवताना बोलतात. त्या दिवशी तिघं होते. तिसऱ्या मजल्यावरच्या निवृत्त मुख्याध्यापिका, ज्यांना सगळे बाई म्हणतात. दुसऱ्या मजल्यावरचे साहेब, जे सरकारी कचेरीतून निवृत्त झाले पण फायलींतून नाही. आणि तळमजल्यावरच राहणारे विमा एजंट. त्यांना जिना चढायचाच नसतो, पण दमलेली माणसं एका जागी सापडण्याची संधी ते सोडत नाहीत.

"या, संपादक!" साहेब म्हणाले.

"उपसंपादक," मी दुरुस्ती केली. ही दुरुस्ती मी एकोणीस वर्षं करतोय. मग बसलो आणि विचारलं, "पुरवणी घेताना काय बघावं?"

बाईंनी चष्मा सरळ केला. "पहिली गोष्ट, मूळ उत्तरपत्रिका भरली आहे का? शेवटच्या ओळीपर्यंत? तोपर्यंत मी कुणाला पुरवणी देत नसे. काही मुली मुद्दाम मोठं अक्षर काढायच्या."

"बाई, ही बायकोच्या खेळाची पुरवणी आहे. नवं बेट येतंय."

"कुठलीही असो. बायकोचा आधीचा खेळ पूर्ण झालाय का?"

"तीन वर्षं खेळतेय."

"तीन वर्षं आणि अजून पेपर सुटलेला नाही," बाई हळहळल्या. "पुरवणीला दोरा मात्र घट्ट बांधायला सांगा. सुटून हरवतात."

"तसं नाही हो बाई," साहेब म्हणाले. "पुरवणी म्हणजे पुरवणी मागणी. मूळ अंदाजपत्रकात जे घालायला विसरले ते नंतर गुपचूप मंजूर करून घ्यायचं. त्या खेळवाल्यांचं एखादं बेट राहून गेलं असणार. आता पुरवणीत आणतायत. त्यांना आधी एक पत्र टाका, की सदर बेट मूळ खेळात का समाविष्ट नव्हतं. प्रत माहितीसाठी मला."

"रविवारी चारला गलबत सुटतंय."

"मग पत्रावर 'तातडीचे' लिहा. नऊ आठवड्यांत उत्तर."

विमा एजंट इतका वेळ गप्प होते. हे त्यांच्या बाबतीत सहसा घडत नाही. ते पुढे झुकले आणि आवाज खाली आणून म्हणाले, "संपादक, तुम्ही उलटं वाचताय. काय समाविष्ट आहे ते कधीच वाचायचं नाही. काय समाविष्ट *नाही*, ते विचारा. वीस वर्षं मी हेच लोकांना विचारू देत नाही, म्हणून सांगतो."

त्या बाकावर त्या संध्याकाळी बोललं गेलेलं हे एकमेव शहाणं वाक्य होतं. मी ते ऐकून घेतलं, मान डोलावली आणि "उपसंपादक" म्हणून जिना चढू लागलो.

शनिवारी माझी सुट्टी. बायको ड्युटीवर गेली आणि मी खेळाच्या मदतकेंद्राला फोन लावला. आधी एका यंत्राने मला सहा आकडे दाबायला लावले, मग वीस मिनिटं बासरी ऐकवली, मग एक मुलगी आली. आवाज अतिशय गोड. इतका गोड आवाज असला की काम होणार नाही, हे मला अनुभवाने ठाऊक आहे.

"माझा साधा प्रश्न आहे," मी म्हणालो. "नव्या पुरवणीत जुन्या दोन पुरवण्या आहेत का?"

"पुरवणी म्हणजे काय, सर?"

मी समजावून सांगितलं. थोडा इतिहासही सांगितला.

"ओके सर. ते तुमच्या खात्यात आधी काय आहे त्यावर अवलंबून असतं. खातं तुमचंच आहे ना?"

"बायकोचं आहे."

"मग मॅडमना फोन द्या ना, सर."

"त्या ड्युटीवर आहेत. शिवाय मला हे त्यांना न विचारता करून दाखवायचंय."

"का, सर?"

यावर प्रिंटरची हकीकत सांगावी लागली असती. मी म्हणालो, "ते खाजगी आहे."

"ओके सर. मग मी एक लिंक पाठवते. त्यात मॅडमनी ठेवलेला सुरक्षा प्रश्न येईल, त्याचं उत्तर टाका. तीन संधी असतात. उत्तर बरोबर आलं की खातं उघडेल आणि मी बघून सांगते."

लिंक आली. उघडली. प्रश्न होता: 'तुमचा सर्वात जवळचा मित्र कोण?'

मी जरा सुखावलो, हे कबूल करतो. सव्वीस वर्षांचा संसार. एवढ्या वर्षांत बायको तोंडाने कधी बोलली नाही, पण यंत्राला सांगून ठेवलं! मी माझं नाव टाइप केलं. नाव, वडिलांचं नाव, आडनाव.

उत्तर चुकीचं आहे. दोन संधी शिल्लक.

मी अर्थातच डगमगलो नाही. कारण मला लगेच कळलं. वेलांटी! माझ्या नावातली वेलांटी दीर्घ आहे आणि बायको ती सव्वीस वर्षं ऱ्हस्व लिहिते. लग्नपत्रिकेच्या मसुद्यातसुद्धा तशीच लिहिली होती, मी लाल पेनने दुरुस्त केली होती. मी तत्त्वांना मुरड घातली आणि आयुष्यात पहिल्यांदा स्वतःचं नाव चुकीच्या वेलांटीने लिहिलं.

उत्तर चुकीचं आहे. एक संधी शिल्लक.

"सर, थांबूया का?" गोड आवाज म्हणाला. "मॅडम आल्यावर..."

तेव्हा थांबायला हवं होतं. पण माणूस दुखावला की त्याला माहिती हवी असते. माझ्याहून जवळचं कोण, हे मला त्या घटकेला कळायलाच हवं होतं. मी मेहुणीचं नाव टाकलं. तिच्या नावात वेलांटी नाही.

पडदा लाल झाला. 'सुरक्षेसाठी हे खातं चोवीस तास बंद करण्यात आलं आहे.'

"सर, मला वाटलंच होतं," मुलगी म्हणाली. "आपल्याला अजून काही मदत हवी आहे का?"

घड्याळात तीन वाजून चाळीस मिनिटं झाली होती. म्हणजे खातं रविवारी तीन चाळीसला उघडणार. गलबत चारला. मधे वीस मिनिटं. ज्याने बावीस वर्षं दोनच्या ठोक्याला पान सोडलंय त्याला वीस मिनिटं म्हणजे काय ते माहीत असतं. वीस मिनिटांत काहीही होत नाही.

मी पाणी प्यायलो. खोलीत फेऱ्या मारल्या. आणि तिसऱ्या फेरीला मला उपाय सुचला. तो इतका सोपा होता की मला माझंच कौतुक वाटलं. बायकोचं खातं लागतंच कशाला? संपूर्ण आवृत्तीत *मूळ खेळ समाविष्ट* आहे! नवं खातं उघडायचं, संपूर्ण आवृत्ती घ्यायची, म्हणजे मूळ खेळ, जुन्या दोन पुरवण्या (संपूर्ण म्हटल्यावर त्या असणारच), नवी पुरवणी, सगळं एका दमात. शिवाय तक्त्यानुसार एक बकरी (सजावटीची), एक जांभळी शाल आणि 'एका पात्राला थेट साठाव्या पातळीवर नेणारी उडी'. प्रिंटर घेताना मी नेमका हाच विचार केला होता, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं नाही.

नवं खातं उघडायला चार मिनिटं लागली. एके ठिकाणी एक रिकामी चौकट आली, वर नुसतं 'नाव' असं लिहिलेलं. कशाचं नाव ते लिहिलेलं नव्हतं. अशी अर्धवट मथळ्याची चौकट माझ्या पानात कुणी ठेवली असती तर मी त्याला उभं केलं असतं. काय घेतोय त्याचं नाव विचारत असतील, असं समजून मी लिहिलं: पुरवणी. आणि पुढे गेलो.

मग खेळाचं सामान कॉम्प्युटरवर उतरायला सुरुवात झाली. पडद्यावर एक पट्टी आली आणि तिच्यावर लिहिलं होतं, 'अंदाजे वीस तास शिल्लक'.

पाचनंतर बायको आली. हातपाय धुतले आणि सवयीने कॉम्प्युटरकडे वळली. मी पडद्यावर टॉवेल टाकून ठेवला होता.

"हे काय?"

"धूळ बसते."

"कॉम्प्युटर चालू आहे. पंखा वाजतोय."

"वाजू दे. आज त्याला विश्रांती."

"चालू ठेवून विश्रांती?"

"उद्या तीन वाजता टॉवेल काढू," मी म्हणालो. "आणि काही विचारू नकोस. काम झालंय."

तिने माझ्याकडे बघितलं. औषधाच्या चिठ्ठीवरचं डॉक्टरचं अक्षर लागलं नाही की ती तशी बघते. मग टॉवेल न काढताच स्वयंपाकघरात गेली. तिने माझ्यावर विश्वास ठेवला, आणि खरं सांगतो, ते मला जास्त जड गेलं.

रविवारी पट्टी अडीचला भरली. तीनला मी टॉवेल काढला. थोडा समारंभपूर्वक काढला. बायको खुर्चीत बसली, मी मागे उभा राहिलो. पडद्यावर धुकं आलं, धुक्यातून संगीत आलं, आणि मग संगीत थांबून एका चौकात एक माणूस उभा राहिला. बुटका, टक्कल, अंगात बनियन, हातात लाकडी चमचा. शेजारी बकरी. त्याच्या डोक्यावर अक्षरं तरंगत होती: पुरवणी. पातळी एक.

बकरी एकदा ओरडली.

"हा कोण?" बायकोने विचारलं.

"तू," मी म्हणालो.

"अहो, कुऱ्हाडताई कुठेय?"

"हे बघ, यात सगळं आहे. मूळ खेळ समाविष्ट आहे. जुन्या पुरवण्या समाविष्ट आहेत. बकरी समाविष्ट आहे."

"आणि मी?" ती म्हणाली. "मी समाविष्ट आहे का?"

विमा एजंटचं वाक्य तेव्हा मला आठवलं. तीन वर्षांच्या संध्याकाळी, सत्तर पातळ्या, कुऱ्हाड, चौदा जणांची टोळी: हे सगळं तिच्या जुन्या खात्यात होतं. ते कुठल्याच आवृत्तीत, एका, दोन किंवा तीन ताऱ्यांसह, समाविष्ट नव्हतं. मूळ खेळ दुकानात मिळतो. मूळ माणूस मिळत नाही.

"बरं, मी माझ्या खात्यातून जाते," ती म्हणाली आणि कीबोर्डकडे वळली.

आता सांगणं भाग होतं. मी बातमीच्या क्रमाने सांगितलं. कोणी, काय, कधी, कुठे. 'का' मी गाळणार होतो, पण तिने विचारलं.

"सुरक्षा प्रश्न आला होता," मी म्हणालो. "तीन उत्तरं दिली. तिन्ही चुकली."

"काय दिलंत?"

"ते आता महत्त्वाचं नाही."

"अहो, काय दिलंत?"

"माझं नाव," मी म्हणालो. "दोनदा. एकदा तुझ्या वेलांटीने."

ती पाठमोरी होती, त्यामुळे चेहरा दिसला नाही, पण खांदे हलत होते. रडते आहे की हसते आहे हे पाठीवरून ठरवायला सव्वीस वर्षंसुद्धा पुरत नाहीत.

तीन चाळीसपर्यंत आम्ही दोघं त्या लाल पडद्यासमोर बसून राहिलो. मधे बायकोच्या फोनवर टोळीचे निरोप येत होते. दंतवैद्याने लिहिलं होतं, 'ताई दिसत नाहीत. काळजी वाटते. झेंडा मी घेऊन ठेवू का?' बेकरीवाल्याने लिहिलं होतं, 'वीस मिनिटं आहेत अजून, दात जरा मिटून ठेवा.'

तीन चाळीसला लाल पडदा गेला आणि प्रश्न आला. तुमचा सर्वात जवळचा मित्र कोण?

"तिकडे बघा," बायको म्हणाली.

मी तिकडे बघितलं. पण मी मुद्रितं तपासणारा माणूस आहे. डोळ्याच्या कोपऱ्यातून अक्षरं टिपणं ही माझी शिस्त नव्हे, व्याधी आहे. चौकटीत दोनच अक्षरं उमटली.

अहो.

खातं उघडलं.

त्या क्षणी मला बरंच काही बोलायचं होतं, पण वेळ नव्हता. तीन बेचाळीस झाले होते.

"तक्ता कुठेय तुमचा?" ती म्हणाली. मी एकेचाळीस लाल जखमांसह पान पुढे केलं. तिने ते औषधाच्या खोक्यावरचं बारीक अक्षर वाचावं तसं खालून वर वाचलं. अर्धं मिनिट. "साधी आवृत्ती. नुसतं बेट. जुनी दोन्ही माझ्याकडे आहेत, मूळ खेळ आहे, बकरी मला नकोय. झालं."

"नुसती पुरवणी?" मी विचारलं. "अशी कुणी घेत नाही."

"ज्याच्याकडे अंक आहे तो घेतो," ती म्हणाली.

बावीस वर्षं मी हा व्यवसाय करतोय.

तीन सत्तेचाळीसला बेट तिच्या खात्यात जमा झालं. आणि मग तिचा हात थांबला. "पण ते उतरवायला वीस तास..." तिने पट्टीकडे बघितलं. पट्टी आली, क्षणभर थरथरली आणि भरून गेली. 'सर्व सामान या कॉम्प्युटरवर आधीच उपलब्ध आहे.'

ती वळली. मी टॉवेलाची घडी घालत होतो.

"कालच सुरुवात केली होती," मी म्हणालो. "डेडलाइन पाळावी लागते."

हा निव्वळ योगायोग होता, हे तिला माहीत होतं आणि मलाही. पण तिने खुलासा मागितला नाही. तीन अठ्ठावन्नला साडेसहा फुटी कुऱ्हाडताई धक्क्यावरून धावत आल्या, दंतवैद्याच्या हातातला झेंडा काढून घेतला आणि गलबतात चढल्या. वकिलांनी टाळ्या वाजवल्या. दंतवैद्याने लिहिलं, 'आलात! किती बरं वाटलं.' चारच्या ठोक्याला गलबत सुटलं. असं वेळेवर सुटलेलं पान मी फार कमी पाहिलंय.

सोमवारी बाकावर तिघांनी चौकशी केली. बाई म्हणाल्या, "दोरा बांधलात का?" साहेबांनी पत्राची प्रत मागितली. विमा एजंटने मला एका पॉलिसीचा कागद दिला, आणि मी तो खालून वर वाचायला लागताच परत घेतला.

संपूर्ण आवृत्ती परत होत नाही, हे तीन ताऱ्यांचं स्पष्टीकरण निघालं. म्हणून पुढच्या रविवारी मी जुना लॅपटॉप जेवणाच्या टेबलावर मांडला, त्यात आठवडाभर उतरवून ठेवलेला खेळ उघडला, समाविष्ट असलेली उडी वापरून थेट साठाव्या पातळीवर गेलो आणि गलबताने बेटावर उतरलो. टक्कल तसंच, बनियनवर जांभळी शाल, हातात चमचा, मागे बकरी. नाव बदलायचा अर्ज केला होता. नऊ आठवडे लागतील असं उत्तर आलं, म्हणजे साहेब तिथे आधीच पोचलेत की काय, अशी शंका आली.

किनाऱ्यावर टोळी जमली होती. कुऱ्हाडताई मधोमध, झेंड्याशेजारी. आम्ही दोघं एकाच खोलीत, एकमेकांकडे पाठ करून बसलो होतो, तरी ताईंनी वळून माझ्याकडे बघितलं तेव्हा मी उगीचच शाल सारखी केली.

दंतवैद्याने लिहिलं, 'हे पुरवणी कोण? चमचा घेऊन आलेत. यांना टोळीत घ्यायचं असेल तर मतदान लागेल.'

माझ्या पाठीमागे कीबोर्डचा आवाज झाला. मग पडद्यावर ताईंचं उत्तर आलं:

'मतदान नको. ही पुरवणी माझ्या अंकाबरोबर येते. वेगळी मिळत नाही.'

मी ते सवयीने दोनदा वाचलं. दुरुस्ती करावी असं त्यात काही नव्हतं.